विनोदी रॅप करणाऱ्याने मालिकेतील भूमिका घ्यावी का?

तुमचा प्रश्न मी दोनदा वाचला, आणि उत्तर देण्यापूर्वी तो मला जसा समजला तसा मांडतो, म्हणजे माझे काही चुकत असेल तर तुम्हाला लगेच सांगता येईल. तुम्ही पंचवीस वर्षांचे आहात, कल्याणला राहता, रात्रपाळीची नोकरी करता, आणि गेली तीन वर्षे गृहनिर्माण सोसायटीच्या एका कंजूष खजिनदाराचे सोंग घेऊन मराठीत विनोदी रॅप करता. पार्किंगची भांडणे, पाण्याची टाकी, थकलेला मेंटेनन्स हे तुमचे विषय आहेत. आता एका दैनंदिन मालिकेत नायकाच्या मित्राची भूमिका तुमच्याकडे चालून आली आहे. महिन्याला वीस-बावीस दिवस चित्रीकरण आणि एका वर्षाचा करार असा तिचा आकार आहे. संगीत सोडून अभिनय धरावा की भूमिका नाकारून रॅपच करत राहावे, असे तुम्ही विचारता. शिवाय दोन उपप्रश्न आहेत: विनोदी रॅप करणाऱ्याला कोणी कधी गांभीर्याने घेते का, आणि वडिलांना आवडत नाही म्हणून रंगमंचावरचे नाव बदलावे का.

मी अठरा वर्षे या धंद्यात आहे. सुरुवात अंधेरीतील एका लहान स्टुडिओत ध्वनिमुद्रक म्हणून झाली, आणि गेली नऊ-दहा वर्षे मी प्रामुख्याने विनोदी गाणी करणाऱ्यांचे काम सांभाळतो: बीट, म्हणजे रॅपमागे वाजणारे ठेक्याचे संगीत, निवडण्यापासून कराराचा मसुदा वाचण्यापर्यंत सगळे. मी वकील नाही, त्यामुळे पुढे कायद्याविषयी जे सांगेन ते सही करण्यापूर्वी वकिलाकडून तपासून घ्या.

प्रश्नाच्या मांडणीशीच माझा पहिला मतभेद आहे. संगीत आणि अभिनय असे दोन रस्ते तुमच्यासमोर फुटलेले नाहीत. तो खजिनदार नाकात बोलतो, पावतीपुस्तक काखेत धरतो, 'लिफ्ट बंद आहे, पण वर्गणी चालू आहे' असे म्हणताना डोळे मिटतो. हे सारे तुम्ही बसवलेले पात्र आहे, म्हणजे तीन वर्षे तुम्ही अभिनयच करत आला आहात, फक्त तो ठेक्यावर चालला आहे. त्यामुळे खरा प्रश्न मला असा दिसतो: मालिकेत गेल्यावर त्या पात्राचे काय होणार, ते लिहायला लागणारा वेळ कोणाच्या ताब्यात जाणार, आणि कागदोपत्री ते पात्र कोणाचे राहणार? या तिन्हींची उत्तरे ठीक असतील तर भूमिका घ्यावी, नसतील तर मानधन कितीही चांगले असले तरी घेऊ नये, असे माझे मत आहे.

यातले बरेच काही तुमच्या घरच्या परिस्थितीवर अवलंबून आहे आणि ती मला ठाऊक नाही. नोकरी सोडल्यावर सहा महिन्यांचा घरखर्च हाताशी असेल का, घरात आणखी कोणी कमावते का, मालिकेचा सेट घोडबंदर रस्त्यावर आहे, गोरेगावला आहे की थेट कोल्हापूरला, यावर निर्णय बदलू शकतो. सेट कोल्हापूरला असेल तर महिन्यातील उरलेले आठ-दहा दिवस तुमचे आहेत हे केवळ कागदावर खरे असते. त्यातले दोन प्रवासात जातात आणि दोन झोपेत.

आता माझा तर्क ज्या उदाहरणावर सर्वाधिक उभा आहे ते सांगतो. अमेरिकेत डेव्हिड बर्ड नावाचा मनुष्य आहे, जो लिल डिकी या नावाने रॅप करतो. फिलाडेल्फियाच्या उपनगरात, मध्यमवर्गीय ज्यू कुटुंबात १९८८ साली त्याचा जन्म झाला. रिचमंड विद्यापीठातून पदवी घेऊन तो सॅन फ्रान्सिस्कोतील एका नामांकित जाहिरात संस्थेत लागला. काम कारकुनी वळणाचे होते. महिन्याचा प्रगती-अहवाल द्यायचा असे, तो त्याने एकदा रॅपच्या व्हिडिओच्या रूपात दिला, आणि वरिष्ठांनी त्याला उचलून जाहिराती लिहिणाऱ्या विभागात बसवले. मला हा तपशील फार महत्त्वाचा वाटतो, कारण त्या माणसाची मूळ ताकद गळ्यात किंवा चेहऱ्यात नव्हती. रोजच्या कंटाळवाण्या गोष्टीला तिरकस कोन देऊन ती ठेक्यात बसवणे ही त्याची ताकद होती. तुमच्या खजिनदाराची ताकदही तीच आहे.

त्याने स्वतः वेळोवेळी सांगितले आहे, की रॅपकडे तो आधी एक साधन म्हणून पाहत होता: लोकांचे लक्ष वेधावे आणि पुढे चित्रपट किंवा मालिका लिहायला मिळाव्यात, हा हेतू होता, रॅपची गोडी करता करता लागली. २०१३ च्या एप्रिलमध्ये त्याचा पहिला गाजलेला व्हिडिओ आला आणि एका दिवसात दहा लाख वेळा पाहिला गेला. त्याच वर्षाच्या शेवटी त्याने चाहत्यांकडे वर्गणी मागितली. ७०,००० डॉलर हवे होते, जमले १,१३,००० च्या आसपास. २०१५ मध्ये त्याचा पहिला अल्बम अमेरिकेच्या मुख्य विक्री-यादीत सातव्या क्रमांकावर आला. त्यातील एका गाण्याचा व्हिडिओ मी माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येक मुलाला पाहायला लावतो. पैसे वाचवण्यावरचे ते गाणे आहे, आणि रॅपच्या व्हिडिओत जे जे श्रीमंती थाटाचे असते ते सगळे फुकटात मिळवायचे अशी त्याची अट आहे. म्हणून हा गृहस्थ बेव्हर्ली हिल्समध्ये बंगल्यांच्या घंटा वाजवत फिरतो आणि 'दोन तास तुमचे घर वापरू द्याल का' असे विचारतो. एक बाई खरोखर देते. गाणे, विनोद, अभिनय आणि खर्चाचे नियोजन या चारही गोष्टी तिथे एकाच कल्पनेतून निघालेल्या आहेत. कोणत्या खात्यात टाकावे असा प्रश्नही पडत नाही.

पुढची पाच वर्षे तो काय करत होता हे तुमच्या दृष्टीने अधिक उपयोगी आहे. दुसऱ्याच्या मालिकेतील मित्र, शेजारी अशा छोट्या भूमिकांतून त्याने आपली वाट काढली नाही. २०१८ मध्ये एका गाण्याने तो ब्रिटनमध्ये पहिल्या आणि अमेरिकेत आठव्या क्रमांकावर पोहोचला, २०१९ मध्ये पर्यावरणावरच्या गाण्यासाठी त्याने तीसेक नामवंतांचे आवाज गोळा केले, आणि मार्च २०२० मध्ये त्याची स्वतःची मालिका वाहिनीवर आली. तिचे नाव 'डेव्ह'. जेफ शेफर या अनुभवी विनोदी लेखकाच्या जोडीने त्याने ती उभी केली, तीत तो स्वतःचेच विडंबन असलेले पात्र करतो, आणि त्याच्या खऱ्या कार्यक्रमांत साथ देणारा गाटा हा रॅपर तीत स्वतःच्याच नावाने वावरतो. गाटाच्या द्विध्रुवीय मनोविकारावरचा पहिल्या पर्वातील भाग पाहिल्यावर, विनोदी रॅपर गंभीर काही करू शकतो का या शंकेला वेगळे उत्तर देण्याची गरज उरत नाही. त्या भागात विनोद करणारा मनुष्य बाजूला सरकतो आणि साथीदाराला जागा देतो. पात्र स्वतः लिहिलेले असले की अशी जागा करून देण्याचा अधिकार लेखकाकडे राहतो.

पण या गोष्टीला दुसरी बाजू आहे आणि ती मी लपवणार नाही. मालिकेची तीन पर्वे झाली, प्रत्येकी दहा भागांची. त्याचा दुसरा अल्बम आला तो २०२४ च्या जानेवारीत, म्हणजे पहिल्यानंतर साडेआठ वर्षांनी, आणि तोही मालिकेसाठी केलेल्या गाण्यांचा. पुढच्याच महिन्यात मालिकेला अनिश्चित काळासाठी विराम दिल्याची बातमी आली. स्वतःची मालिका, स्वतःचे लेखन, सगळी सूत्रे हातात, आणि तरीही संगीत एवढे मागे पडले. चित्रीकरण हा वेळ खाणारा प्राणी आहे. ज्याच्या हातात सूत्रे नाहीत, त्याचे काय होत असेल याचा अंदाज तुम्ही करू शकता.

आपल्याकडच्या दैनंदिन मालिकेची दिनचर्या तुम्हाला कदाचित बाहेरून ठाऊक असेल. बारा तासांची शिफ्ट ही किमान समजावी. मेकअप आणि प्रवास धरून चौदा-पंधरा तास सहज जातात. कॉलटाइम, म्हणजे सेटवर हजर राहण्याची वेळ, आदल्या रात्री कळतो. भागांची बँक, म्हणजे आधीच चित्रित करून ठेवलेल्या भागांचा साठा, संपत आली की सुट्टीचे दिवस पहिल्यांदा रद्द होतात, आणि नायकाच्या मित्राला सकाळी सातला बोलावून संध्याकाळी पाचला एका वाक्यासाठी उभे करणे ही नित्याची गोष्ट आहे. मानधन दिवसावर ठरते आणि सहसा नव्वद दिवसांनी हाती येते, तेही दहा टक्के टीडीएस वजा होऊन. म्हणजे पहिले तीन महिने काम पूर्ण आणि आवक शून्य, अशा हिशेबाने चला. वडिलांना हे आधीच सांगून ठेवलेले बरे, कारण 'टीव्हीवर दिसतोस, मग पैसे कुठे आहेत' हा प्रश्न घराघरांत विचारला जातो.

असे असूनही मी सरसकट नकार द्या म्हणत नाही, याचे कारण विल स्मिथ. तुम्ही त्याला चित्रपटांतला नट म्हणून ओळखत असाल, पण तो आला विनोदी रॅपमधून. तोही फिलाडेल्फियाचाच, जॅझी जेफ या डीजेसोबत तो किशोरवयात गाऊ लागला, आणि आईवडिलांना मुलांचे काही कळत नाही अशा तक्रारीच्या १९८८ च्या गाण्याला रॅपसाठी पहिल्यांदाच ठेवलेले ग्रॅमी पारितोषिक १९८९ मध्ये मिळाले. पैसा आला तसा उडाला, करभरणा राहून गेला, पुढचा अल्बम आधीच्या मानाने बराच कमी विकला गेला, आणि सरकारची सुमारे २८ लाख डॉलरची थकबाकी अंगावर आली. १९९० मध्ये क्विन्सी जोन्स या ख्यातनाम संगीत-निर्मात्याच्या घरच्या समारंभात, पाहुण्यांसमोर, त्याची अचानक चाचणी घेतली गेली आणि त्यातून सहा वर्षे चाललेली विनोदी मालिका मिळाली. सुरुवातीच्या पर्वांतील त्याच्या मानधनाचा मोठा हिस्सा कर खात्याने वळता करून घेतला. गरजेपोटी घेतलेली भूमिका माणसाला कुठवर नेऊ शकते, याचे हे टोकाचे उदाहरण आहे.

मात्र ती भूमिका कोणती होती हे नीट पाहा. फिलाडेल्फियातील गल्लीतला वात्रट मुलगा लॉस एंजेलिसच्या श्रीमंत नातेवाइकांकडे राहायला जातो, त्या पात्राचे नावही विल स्मिथ, आणि मालिकेचे शीर्षकगीत म्हणजे त्याचाच रॅप. गाण्यांतून लोकांना माहीत झालेले पात्र उचलून मालिकेच्या घरात आणून ठेवले होते. मालिका चालू असतानाच १९९१ मध्ये त्या जोडीचे उन्हाळ्यावरचे गाणे गाजले आणि त्यालाही ग्रॅमी मिळाले. सांगायचा मुद्दा एवढाच, की अभिनयाने संगीत मारले नाही, कारण दोन्हीकडे मनुष्य एकच होता. तुम्हाला देऊ केलेला नायकाचा मित्र कसा आहे? तो फक्त 'अरे, पण वहिनींना काय सांगणार?' असे विचारण्यासाठी आहे, की त्याला स्वतःची काही खोड आहे? भेटीत हे विचारा. पहिल्या दहा भागांतील त्याचे प्रसंग वाचायला मागा; दिले नाहीत तर निदान पात्राचा आलेख तोंडी सांगायला लावा.

माझ्या स्वतःच्या अनुभवातील एक चूक इथे सांगायला हवी, कारण ती माझीच आहे. काही वर्षांपूर्वी माझ्याकडचा एक मुलगा रिक्षावाल्याचे पात्र करून गाणी म्हणत असे. एका निर्मितिसंस्थेने त्याला एका विनोदी कार्यक्रमात घेतले. करारात एक वाक्य होते, की कार्यक्रमात सादर केलेली सर्व पात्रे, त्यांची नावे, लकबी आणि उद्गार ही संस्थेची मालमत्ता असेल. मी ते वाचले होते. मला वाटले, ते कार्यक्रमासाठी नव्याने लिहिलेल्या पात्रांविषयी आहे. तिसऱ्या महिन्यात त्याने तोच रिक्षावाला तिथे सादर केला, लोकांना आवडला, आणि कार्यक्रम संपल्यानंतर त्याने स्वतःच्या चॅनेलवर नवे गाणे टाकले तेव्हा नोटीस आली. भांडायला पैसे नव्हते. त्याने पात्र सोडले, आणि नवे पात्र बसायला दीड वर्ष गेले. ते वाक्य करारातून काढून टाकणे दहा मिनिटांचे काम होते.

म्हणून तुमच्या करारात मी तीन गोष्टी पाहीन. पहिली, खजिनदाराचे पात्र, त्याचे नाव आणि त्याची आजवरची व पुढची गाणी ही तुमची आधीपासूनची निर्मिती आहे असे स्पष्ट लिहून घ्या आणि ते पात्र मालिकेत करायचे झाल्यास वेगळा लेखी करार होईल अशी अट घाला. त्या नावाची व्यापारचिन्ह म्हणून नोंदणी करण्याचा अर्जही करून टाका. मनोरंजन सेवा एक्केचाळिसाव्या वर्गात येतात आणि व्यक्तीला ऑनलाइन अर्जाचे शुल्क वर्गामागे ४,५०० रुपये आहे. दुसरी, एक्सक्लुझिव्हिटीच्या, म्हणजे करारकाळात दुसरीकडे काम न करण्याच्या, कलमात 'इतर वाहिनीवरील काल्पनिक मालिका' एवढाच निर्बंध ठेवा. तुमचे चॅनेल, रंगमंचीय कार्यक्रम आणि संगीत त्यातून नावानिशी वगळा. तिसरी, मालिकेसाठी एखादे गाणे लिहायला सांगितले तर ते अभिनयाच्या मानधनात धरले जाऊ नये. आपल्या प्रताधिकार कायद्यात २०१२ साली झालेल्या दुरुस्तीनुसार गीतकार आणि संगीतकार यांचा स्वामित्वधनाचा हक्क करार करूनही पूर्णपणे सोडून देता येत नाही; पण तो मिळण्यासाठी गीतकार म्हणून तुमचे नाव कागदावर असावे लागते आणि गीतकार-संगीतकारांचे स्वामित्वधन गोळा करणाऱ्या आयपीआरएस या संस्थेचे सभासद व्हावे लागते. तुम्ही झाला आहात का? बहुतेक मुले झालेली नसतात.

हक्कांचा विषय निघालाच आहे तर बीटविषयी दोन शब्द. तुमच्या चार-पाच गाण्यांतील बीट इंटरनेटवरून भाड्याने घेतलेल्या वाटतात, आणि एकात जुन्या मराठी गाण्याचा तुकडा सरळ उचललेला आहे. लहान चॅनेलकडे कोणी पाहत नाही. चेहरा टीव्हीवर दिसू लागला की पाहतात. बिझ मार्की हा विनोदी रॅपरांतला अत्यंत लाडका मनुष्य. प्रेयसीच्या 'फक्त मित्रा'वरचे, मुद्दाम बेसूर गायलेले त्याचे १९८९ चे गाणे अमेरिकेत नवव्या क्रमांकावर पोहोचले होते. १९९१ मध्ये त्याने गिल्बर्ट ओसुलिव्हन या गायकाच्या गाण्याचा तुकडा परवानगीशिवाय वापरला, खटला झाला, न्यायाधीशांनी निकालाची सुरुवातच 'चोरी करू नकोस' या बायबलमधील आज्ञेने केली, आणि अल्बम बाजारातून मागे घ्यावा लागला. त्यानंतर रॅपच्या धंद्यात परवानगी घेतल्याशिवाय तुकडा वापरणे जवळजवळ थांबले. मार्कीने १९९३ च्या पुढच्या अल्बमला 'सर्व तुकड्यांची परवानगी घेतली आहे' अशा अर्थाचे शीर्षक दिले, ही त्याची खास चव. पुढे २००२ मध्ये एका मोठ्या चित्रपटात त्याने परग्रहवासी केला, जो तोंडाने बीट वाजवून बोलतो. म्हणजे तिथेही त्याला घेतले ते त्याच्या मूळ कौशल्यासाठीच. तुमचे ते एक गाणे मात्र भूमिका जाहीर होण्यापूर्वी नव्या बीटवर पुन्हा करा.

गांभीर्याने घेण्याच्या प्रश्नाकडे येतो. इथे लोक आशयाकडे बोट दाखवतात, पण माझ्या मते अडचण बहुधा कारागिरीची असते. विनोदी रॅप ऐकणारा पहिल्यांदा विनोदासाठी येतो आणि दुसऱ्यांदा फ्लोसाठी, म्हणजे शब्द ठेक्यावर ज्या ओघाने बसतात त्यासाठी. फ्लो कच्चा असेल तर तो दुसऱ्यांदा येतच नाही. मराठीत एक अडचण विशेष आहे. आपले वाक्य क्रियापदाने संपते, त्यामुळे ओळीच्या शेवटी आलो-गेलो, करतो-मरतो अशी यमके आयती मिळतात आणि हशा ज्या शब्दावर पिकायला हवा तो शब्द ओळीच्या मधोमध गाडला जातो. तुमच्या टाकीवरच्या गाण्यात तुम्ही हे टाळले आहे, 'टाकी', 'बाकी', 'काकी' अशी नामे शेवटाला आणली आहेत, आणि ते तुमचे सर्वांत चांगले गाणे आहे. पार्किंगच्या गाण्यात ते केलेले नाही. माझी एक जुनी कसोटी आहे: बीट पूर्ण बंद करायची आणि तेच शब्द संवादासारखे म्हणून दाखवायचे. तरीही हसू आले तर पात्र पक्के आहे. नाही आले तर आतापर्यंत हसवत होते ते यमक. मालिकेच्या दिग्दर्शकासमोरही हीच कसोटी लागणार आहे, कारण तिथे बीट नसते. रॅप करणारी मुले संवाद फार घाईने म्हणतात; ठेका जिथे श्वास देतो तिथे संवादात थांबावे लागते, हे त्यांना उमगायला आठवडे लागतात. 'जरा धरून बोल' असे पहिल्या दिवशी ऐकावे लागले तर मनाला लावून घेऊ नका.

गांभीर्याचाच दुसरा पैलू ऑक्वाफिना या अमेरिकन रॅपर-अभिनेत्रीच्या कारकिर्दीत दिसतो. हिचे खरे नाव नोरा लम. न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात वाढलेली, आई लहानपणीच गेली, आजीने सांभाळले. २०१२ मध्ये तिचा एक वात्रट, स्त्रीदेहावर बिनधास्त बोलणारा रॅप व्हिडिओ पसरला आणि प्रकाशनसंस्थेतील नोकरी गेली. २०१८ मध्ये दोन मोठ्या चित्रपटांत तिने विनोदी भूमिका केल्या, आणि २०१९ च्या 'द फेअरवेल' या चित्रपटात, आजीच्या कर्करोगाची बातमी आजीपासूनच लपवणाऱ्या कुटुंबातील नात तिने अशी केली, की जानेवारी २०२० मध्ये तिला गोल्डन ग्लोब हे अभिनयाचे मानाचे पारितोषिक मिळाले. चित्रपटातील प्रमुख भूमिकेसाठी ते मिळवणारी ती पहिली आशियाई-अमेरिकन स्त्री. त्या चित्रपटात तिचा नेहमीचा चढा सूर जवळपास नाहीच. विनोदाची लय ज्याला कळते त्याला शांतताही कळते, हे मी तिच्याकडे बोट दाखवून मुलांना सांगतो.

परंतु तिच्यावर एक आरोप सातत्याने झाला, की सुरुवातीच्या विनोदी पात्राची बोली तिने कृष्णवर्णीय अमेरिकनांकडून उचलली, त्यावर नाव कमावले आणि गंभीर भूमिका मिळू लागताच ती बोली टाकून दिली. फेब्रुवारी २०२२ मध्ये तिने यावर जाहीर निवेदन दिले, त्याने सगळ्यांचे समाधान झाले नाही. हे मी तुम्हाला सांगतो आहे ते तुमच्या वॉचमन आणि कामवाल्या बाईच्या आवाजांमुळे. खजिनदार स्वतःच्याच वर्गाची टर उडवतो, तिथे तुमचा पाय भक्कम आहे. पण वॉचमन बोलला की केवळ त्याच्या उच्चारावर हसू मागितले जाते, त्याच्या बोलण्यावर नाही. मालिकेचा प्रेक्षक गावोगावी आहे, आणि आगरी, मालवणी किंवा वऱ्हाडी बोलणारा मनुष्य आपल्या बोलीची नक्कल आणि आपल्या बोलीतला विनोद यांतला फरक तत्काळ ओळखतो.

आपल्याकडे हे गणित कोणाला जमले, असे विचाराल तर बाबा सहगल आठवतात. १९९२ च्या थंड पाण्याच्या गाण्याने देशाला विनोदी हिंदी रॅप ऐकवणारा हा लखनौचा अभियंता १९९८ मध्ये हिंदी चित्रपटाचा नायक झाला. नायकपद काही टिकले नाही. पण पुढे समाजमाध्यमांवर तो पुन्हा आला तो खाण्यापिण्यावरची तीच भाबडी, अतर्क्य यमके घेऊन, आणि त्याच्या पहिल्या यशाचा काळ संपून गेल्यावर जन्मलेल्या मुलांनी त्याला डोक्यावर घेतले. चित्रपट गेला, लिहिण्याची तऱ्हा राहिली.

तर तुमच्या बाबतीत मी काय करेन? खजिनदार कागदावर तुमचा राहत असेल, चॅनेल एक्सक्लुझिव्हिटीतून वगळले जात असेल आणि सेट मुंबई-ठाणे परिसरात असेल, तर मी भूमिका घेईन, पण पहिल्या दिवशी सेटवर जाण्याआधी किमान सहा गाणी मुद्रित आणि चित्रित करून ठेवीन, म्हणजे दर दोन महिन्यांना एक याप्रमाणे वर्षभर चॅनेल चालू राहील. नव्याने लिहायला वेळ मिळेल असे गृहीत धरू नका. या तीनपैकी पहिली अट मान्य होत नसेल तर मी उठून येईन. सेट लांब असेल आणि बाकी दोन मान्य असतील, तर माझा कल नकाराकडे आहे, मात्र इथे घरचा हिशेब माझ्या मतापेक्षा मोठा आहे. नोकरी आजच सोडू नका. करारावर दोन्ही सह्या झाल्याशिवाय तोंडी होकाराला या धंद्यात काही अर्थ नसतो, आणि लुक टेस्ट, म्हणजे वेशभूषा-रंगभूषेसह घेतलेली चाचणी, झाल्यानंतरही माणसे बदलली जातात.

राहिला नावाचा प्रश्न. वडिलांची अडचण मी समजू शकतो, माझे वडीलही 'रेकॉर्डिंगवाला' या शब्दावर नाराज होते. ऑक्वाफिनाने ते विचित्र नाव पारितोषिकाच्या मंचापर्यंत नेले, डेव्हिड बर्डने मालिकेला आपले पाळण्यातले नाव दिले आणि गाणी टोपणनावानेच ठेवली, विल स्मिथने पात्रालाच स्वतःचे नाव लावले. तुम्ही मालिकेच्या श्रेयनामावलीत खरे नाव द्या आणि गाण्यांसाठी आहे तेच ठेवा, त्याने वडिलांचेही मन राहील. मात्र भेटीला जाल तेव्हा त्या मित्राच्या पात्राचे नाव काय ठेवले आहे हे आवर्जून विचारा. एक वर्ष मालिका चालली तर कल्याण स्टेशनवर लोक तुम्हाला त्याच नावाने हाक मारणार आहेत, आणि ते 'पक्या' असेल तर निदान आधी कळलेले बरे.